ऑल्बनी एम्पायर: दोन विजेतेपदे आणि अर्ध्यावर संपलेला प्रवास

१५ जून २०२३ रोजी अमेरिकेतील नॅशनल अरीना लीग या बंदिस्त फुटबॉलच्या लीगने ऑल्बनी एम्पायर या संघाचे सदस्यत्व रद्द केले. आधीच्या सलग दोन हंगामांत लीगचे विजेतेपद मिळवलेल्या संघावर ही वेळ आली होती. असे का घडले, हे समजण्यासाठी संघाच्या दोन-तीन वर्षांच्या आयुष्यापेक्षा बरेच मागे जावे लागते.

येथे फुटबॉल म्हणजे अमेरिकन फुटबॉल, आणि तोही छपराखाली खेळला जाणारा. १९८१ मध्ये न्यूयॉर्कच्या मॅडिसन स्क्वेअर गार्डनमध्ये बंदिस्त सॉकरचा सामना पाहताना जिम फॉस्टर यांना या खेळाची कल्पना सुचली आणि त्यांनी जवळच्या एका लिफाफ्यावर तिचा आराखडा काढला. १९८७ मध्ये त्यांची अरीना फुटबॉल लीग चार संघांनिशी सुरू झाली. आइस हॉकीच्या रिंकवर कृत्रिम हिरवळ अंथरून ५० यार्ड लांबीचे, म्हणजे नेहमीच्या निम्म्या लांबीचे मैदान तयार करतात आणि प्रत्येक बाजूने अकराऐवजी आठ खेळाडू उतरतात. कडेच्या भिंतींना जाड गाद्या लावलेल्या असतात. गोलखांबांच्या दोन्ही बाजूंना उंच जाळ्या ताणलेल्या असतात आणि जाळीवर आदळून परतलेला चेंडू खेळातच राहतो, त्यामुळे हुकलेल्या किकनंतरही खेळाडू त्या चेंडूवर झेप घेतात. पहिल्या रांगेतला प्रेक्षक या सगळ्यापासून जेमतेम हातभर अंतरावर असतो. या खेळाची खरी ओढ त्या जवळिकीत आहे, असे मला वाटते.

न्यूयॉर्क राज्याची राजधानी असलेल्या ऑल्बनीत हा खेळ १९९० मध्ये आला. त्याच वर्षी उघडलेल्या निकरबॉकर अरीनात ऑल्बनी फायरबर्ड्स हा संघ खेळू लागला आणि १९९९ मध्ये त्याने लीगचे विजेतेपद मिळवले. त्या संघातील एडी ब्राउन यांची २००६ मध्ये लीगच्या इतिहासातील सर्वोत्तम खेळाडू म्हणून निवड झाली. मात्र २००० च्या हंगामानंतर फायरबर्ड्स इंडियानापोलिसला हलवले गेले. त्यानंतर २००२ पासून २००९ पर्यंत दुय्यम लीगमधील संघाने शहराची हौस भागवली, पण ती लीगही बंद पडली.

एम्पायर हे नाव २०१८ मध्ये आले. तेव्हा अरीना फुटबॉल लीग पुन्हा चार संघांपुरती उरली होती. ऑल्बनीने २०१९ चे विजेतेपद घरच्याच मैदानावर फिलाडेल्फिया सोलला हरवून मिळवले, पण त्याच वर्षाच्या अखेरीस लीगने दिवाळखोरीचा अर्ज केला आणि विजेत्या संघाला खेळायला लीगच उरली नाही. २०२१ मध्ये नव्या मालकांनी तेच नाव घेऊन नॅशनल अरीना लीगमध्ये संघ उतरवला. हाच या टिपणाचा विषय असलेला संघ. त्याने २०२१ आणि २०२२ अशी दोन्ही विजेतेपदे जिंकली.

२०२३ च्या मार्चमध्ये एडी ब्राउन यांचे पुत्र, पिट्सबर्ग स्टीलर्स या नामांकित व्यावसायिक फुटबॉल संघाचे माजी रिसीव्हर (फेकलेला चेंडू झेलणारा खेळाडू) अँटोनियो ब्राउन यांनी संघाच्या मालकीत भागीदारी घेतली आणि पुढच्याच महिन्यात जवळजवळ संपूर्ण हिस्सा त्यांच्याकडे आला. ज्या शहरात वडील खेळले, तिथल्याच संघाचा मुलगा मालक झाला, याचे ऑल्बनीकरांना किती अप्रूप वाटले असेल हे सहज समजते. पण हंगाम सुरू झाल्यावर प्रशिक्षक बदलत राहिले आणि पराभव वाढले. लीगचे प्रत्येक संघाने भरायचे मासिक शुल्क थकले, आणि सदस्यत्व रद्द करताना लीगने मुख्यतः त्याच थकबाकीकडे बोट दाखवले.

अशा छोट्या लीगमध्ये दूरचित्रवाणी हक्कांचे मोठे उत्पन्न नसते. तिकिटे, स्थानिक जाहिरातदार आणि मालकाचा खिसा यांवरच स्टेडियमचे भाडे, प्रवास आणि खेळाडूंचे मानधन चालते, त्यामुळे एकाच संघाने पैसे थकवले तरी ती ओढाताण बाकीच्या संघांपर्यंत पोहोचते. म्हणूनच, ऐन हंगामात संघ काढल्याने वेळापत्रक कोलमडणार असूनही, लीगने घेतलेला निर्णय मला समजण्यासारखा वाटतो. हंगामी तिकिटे काढलेल्या प्रेक्षकांचा आणि मैदानावर उतरणाऱ्या खेळाडूंचा मात्र त्यात काहीच दोष नव्हता.

२०२४ मध्ये ऑल्बनीत पुन्हा संघ उभा राहिला. त्याने एम्पायर हे नाव घेतले नाही, तर एडी ब्राउन यांच्या काळातले फायरबर्ड्स हेच नाव परत आणले आणि त्याच जुन्या अरीनात, जिला आता एमव्हीपी अरीना म्हणतात, खेळायला सुरुवात केली.