इच्छापत्र कुठलं म्हणताय?

ठाण्यात तलावपाळीवर फिरणाऱ्या आमच्या ज्येष्ठांच्या घोळक्यात आजारपणाचा विषय निघाला की कुणीतरी ठसक्यात सांगतंच, "माझं इच्छापत्र झालंय. व्हेंटिलेटर नको, हेही त्यातच लिहिलंय." मी कपाळाला हात लावतो. घोळ शब्दातच आहे. आपण मृत्युपत्रालाही इच्छापत्र म्हणतो आणि लिव्हिंग विलला, म्हणजे शेवटच्या आजारात कोणते उपचार नकोत हे आधीच लिहून ठेवलेल्या कागदाला, वैद्यकीय इच्छापत्र.

मृत्युपत्र तुम्हाला ठाऊक आहे. फ्लॅट, एफडी, दागिने, दोन साक्षीदार. नोंदणी सक्तीची नाही, तरी करा. पुढे.

मेख आहे ती वेळेची. तुम्ही जाईपर्यंत मृत्युपत्राला काडीची किंमत नाही. वैद्यकीय इच्छापत्र मात्र श्वास चालू आहे, बरं होण्याची आशा उरलेली नाही आणि तुम्हाला बोलता येत नाही, तेव्हाच कामाचं. नौपाड्यातल्या आमच्या शेजाऱ्यांनी "नळ्या लावू नका" हे मृत्युपत्रात लिहून ते लॉकरमध्ये ठेवलं होतं. अकरा दिवस ते आयसीयूत नळ्यांवर होते. कागद उघडला तेरावं झाल्यावर. मुलगा अजून भेटला की म्हणतो, "काका, नळ्या लावायला मीच सही केली होती हो." त्याला काय सांगू?

म्हणून वैद्यकीय इच्छापत्राचा कागद वेगळा करा. सर्वोच्च न्यायालयाने 2018 मध्ये त्याला मान्यता दिली, पण न्यायदंडाधिकाऱ्यांची सही लागायची, त्यामुळे फारसं कुणी त्या वाटेला गेलं नाही. जानेवारी 2023 पासून दोन साक्षीदार आणि नोटरी किंवा राजपत्रित अधिकारी पुरे. तुमच्या वतीने बोलणाऱ्याचं नाव त्यात लिहायचं. "कुणाला वाईट नको वाटायला" म्हणून तिन्ही मुलांची नावं घालणारे मला अजिबात पटत नाहीत. आयसीयूच्या दाराशी तिघांची तीन मतं होतात. रात्री दोनला फोन उचलणारं पोर निवडा, मग ती धाकटी सून का असेना. एक प्रत त्या व्यक्तीकडे, एक फॅमिली डॉक्टरांकडे, एक महापालिकेच्या नेमलेल्या अधिकाऱ्याकडे. लॉकरमध्ये नाही.

आणि कृपा करून याला इच्छामरण म्हणू नका. गावाकडचे नातेवाईक ऐकूनच रडायला लागतात. इंजेक्शन देऊन जीव घेणं आपल्याकडे आजही गुन्हा आहे. इथे आधी डॉक्टरांचं एक मंडळ ठरवतं, मग दुसरं तपासतं, आणि यंत्र काढलं तरी वेदनाशामक औषधं, तोंड ओलं करणं, कूस बदलणं चालूच राहतं.

मन बदललं तर लेखी देऊन कधीही रद्द करता येतं.