आमीची, जोव्हान्नी बात्तीस्ता

(२५ मार्च १७८६ – १० एप्रिल १८६३). इटालियन भौतिकीविज्ञ, सूक्ष्मदर्शक व दुर्बिणी घडविणारे कारागीर आणि वनस्पतींचे निरीक्षक. जन्म मोडेना येथे. बोलोन्या येथे स्थापत्य अभियांत्रिकीचे शिक्षण घेऊन ते मोडेनात गणिताचे प्राध्यापक झाले. १८३१ मध्ये तस्कनीच्या ग्रँड ड्यूकने त्यांना फ्लॉरेन्सच्या वेधशाळेवर संचालक म्हणून बोलावले आणि पुढचे आयुष्य तेथेच गेले.

त्या काळच्या सूक्ष्मदर्शकात प्रतिमेभोवती रंगीत कडा उमटत, कारण काचेतून जाताना प्रत्येक रंगाचा किरण वेगळ्या प्रमाणात वळतो. आरशावरून परावर्तन होताना हा दोष येत नाही. म्हणून आमीचींनी तरुणपणी वस्तुभिंगाऐवजी (वस्तूकडील भिंगाऐवजी) लंबवर्तुळाकृती अंतर्गोल आरसा वापरला आणि नळीबाहेर ठेवलेल्या वस्तूचा प्रकाश लहान सपाट आरशाने त्याकडे वळविला. या उपकरणाने त्यांना कीर्ती मिळाली, पण पुढे ते पुन्हा काचेच्या भिंगांकडे वळले.

भिंगे घासता घासता त्यांचे स्वतःचे निरीक्षणही चाले. कारा या पाणवनस्पतीच्या पेशीतील द्रवाचे अभिसरण त्यांनी १८१८ मध्ये वर्णिले. तसाच प्रवाह इतरत्र दिसतो का, हे शोधताना त्यांनी घोळीचे फूल तपासले. ही आपल्याकडे भाजीसाठी खुडतात तीच घोळ. कुक्षीवरील (फुलातील परागकण झेलणाऱ्या भागावरील) केसाला चिकटलेल्या परागकणातून त्यांना एक नळी बाहेर येऊन कुक्षीत शिरताना दिसली. परागनलिकेचे हे पहिले निरीक्षण. १८३० मध्ये ही नळी बीजांडापर्यंत, म्हणजे ज्याचे पुढे बी होते त्या भागापर्यंत, पोहोचते, हेही त्यांनी दाखविले.

पुढे श्लायडेन या जर्मन वनस्पतिशास्त्रज्ञाने परागनलिकेच्या टोकातूनच गर्भ तयार होतो असे मांडले. त्यांचा दबदबा मोठा होता, त्यामुळे हे मत बरेच दिवस चालले. आमीचींनी १८४६ मध्ये ऑर्किडच्या बीजांडांवरून दाखवून दिले, की ज्यापासून गर्भ होतो तो घटक बीजांडात आधीपासूनच असतो आणि परागनलिका आल्यावर त्याची वाढ सुरू होते. जर्मन वनस्पतिशास्त्रज्ञ हॉफमायस्टर यांच्या कामाने त्याला पुष्टी मिळाली. आमीचींचे नाव आज मुख्यतः लोलकाशी (प्रिझमशी) जोडले जात असले, तरी त्यांची खरी मोठी कामगिरी हीच म्हणावी लागेल.

सूक्ष्मदर्शकाच्या सुधारणांत त्यांनी वस्तुभिंगाच्या तोंडाशी अर्धगोल भिंग बसविले. वस्तूवरील पातळ काचेच्या जाडीने प्रतिमा बिघडते हे ओळखून वेगवेगळ्या जाडीसाठी वेगळी वस्तुभिंगे बनविली. निमज्जन पद्धतीही त्यांचीच: वस्तुभिंग आणि ती काच यांमध्ये हवेऐवजी पाण्याचा थेंब ठेवला, की तिरपे किरण वाया न जाता भिंगात शिरतात आणि बारीक तपशील उलगडतो. असे वस्तुभिंग त्यांनी १८५५ च्या पॅरिस प्रदर्शनात मांडले. सूक्ष्मदर्शक बनविणारे हार्टनाक यांनी ते सुधारून प्रचारात आणले; पाण्याऐवजी तेल वापरणारी आजची तैलनिमज्जन भिंगे त्याच वाटेवरची.

खगोलशास्त्रात त्यांनी जोडतारे व गुरूचे उपग्रह यांचे वेध घेतले आणि दुर्बिणींची मोठी भिंगे घडविली. त्यांपैकी सुमारे २८ सेंमी. व्यासाचे एक पुढे फ्लॉरेन्सजवळील आर्चेत्रीच्या वेधशाळेत वापरात होते. प्रतिमा सुलट करून प्रकाश काटकोनात वळविणारा छताकार लोलक आणि मधला रंग न वळविता वर्णपट पाडणारा संयुक्त लोलक, हे दोन्ही आमीची लोलक म्हणूनच ओळखले जातात. दुसऱ्यामुळे वर्णपटदर्शक सरळ नळीत मावू लागला. खडकांच्या पातळ छेदांच्या अभ्यासातील आमीची–बर्ट्रांड भिंगातही त्यांचे नाव आहे. फ्लॉरेन्स येथे त्यांचे निधन झाले.