भागीरथी नावाच्या दोन नद्या

गंगेच्या नकाशावर ‘भागीरथी’ हे नाव दोनदा येतं. एकदा उत्तराखंडात उगमापाशी, आणि पुन्हा थेट पश्चिम बंगालमध्ये, समुद्र जवळ आल्यावर. म्हणूनच १७५७ ची प्लासीची लढाई भागीरथीकाठी झाली असं वाचलं की गोंधळ उडतो. ती बंगालची भागीरथी.

पहाडातली भागीरथी गोमुखाला हिमनदीतून निघते, टिहरीला २६०.५ मीटर उंचीच्या धरणात अडते आणि देवप्रयागला अलकनंदेला भेटते. तिथल्या घाटावर लोखंडी साखळ्या लावल्या आहेत. प्रवाहाला ओढच इतकी, की लोक साखळी धरूनच बुडी मारतात. समोर दोन रंगांची पाणी शेजारून वाहत हळूहळू मिसळतात. पाणी अलकनंदेचं जास्त, पण मूळ गंगा म्हणून मान भागीरथीचा. ‘गंगा’ हे नाव लागतं ते या संगमानंतर.

बंगालची भागीरथी उलट गंगेतूनच फुटते. मुर्शिदाबाद जिल्ह्यात थोरला प्रवाह पद्मा होऊन बांगलादेशाकडे जातो, धाकटा दक्षिणेला वळतो तो भागीरथी. नवद्वीपजवळ जलंगी येऊन मिळाली की तिलाच हुगळी म्हणतात. एकेकाळी गंगेचा मुख्य प्रवाह हाच होता. काही शतकांपूर्वी पाणी पूर्वेला सरकलं आणि ही वाट गाळानं भरत गेली. कोलकाता बंदर वाचवायला १९७५ साली फरक्का बंधारा सुरू झाला; तिथून सुमारे ३८ किलोमीटरच्या कालव्यानं भागीरथीत पाणी सोडतात. मला विलक्षण वाटतं ते हे, की पाणी पद्मेकडे गेलं, पण पावित्र्य इथून हललं नाही. बंगालमध्ये गंगास्नान आजही या धाकट्या फाट्यावरच होतं.

मग नाव एकच का? आपण ‘भगीरथ प्रयत्न’ म्हणतो ती कथा आठवा. सगराच्या ६०,००० पुत्रांची कपिल मुनींच्या आश्रमात राख झाली होती, आणि तिच्यापर्यंत गंगा न्यायची होती. भगीरथानं तप केलं ती शिळा गंगोत्रीत दाखवतात. कपिल मुनींचा आश्रम मात्र हुगळीच्या मुखाशी, सागर बेटावर मानतात. कथेच्या दोन्ही टोकांना नदीनं भगीरथाचंच नाव लावलं आहे. मकर संक्रांतीला लाखो माणसं त्या बेटावर, गंगासागरला, पहाटेच्या थंडीत पाण्यात उतरतात.