एस१५.०११ए म्हणजे मानेत नेमकं काय झालं?

अपघातात सापडलेल्या रुग्णाच्या कागदपत्रांत एस१५.०११ए असा कोड दिसला, की जाणकाराला त्यावरून बरंच कळतं. मेंदूला रक्त नेणाऱ्या उजव्या कॅरोटिड धमनीला मानेत छोटी चीर गेली आहे आणि तिच्यावर उपचार चालू आहेत, एवढं सगळं त्या सात जागांत मावतं. हा कोड आयसीडी म्हणजे आजार आणि इजांच्या आंतरराष्ट्रीय वर्गीकरणातला, त्याच्या आयसीडी-१०-सीएम या अमेरिकी आवृत्तीतला आहे. जागतिक आरोग्य संघटनेची मूळ आयसीडी-१० ‘एस१५.०’ म्हणून तिथेच थांबते; बाजू, चिरेचा प्रकार, उपचाराचा टप्पा हे पुढचे तपशील अमेरिकेने जोडले आणि १ ऑक्टोबर २०१५ पासून ते तिथे सक्तीचे झाले.

‘एस’ म्हणजे इजा आणि एस१५ म्हणजे मानेतल्या रक्तवाहिन्यांची इजा. त्यापुढचं शून्य कॅरोटिड धमनीचं, एक व्हर्टिब्रल धमनीचं, दोन आणि तीन मानेतल्या मोठ्या शिरांचे. पाचवी जागा इजेचा प्रकार सांगते, सहावी बाजू. एक उजवी, दोन डावी, नऊ म्हणजे बाजू नोंदलेली नाही. दोन्हीकडे इजा असेल तर एकच कोड पुरत नाही, दोन लावावे लागतात. सीटी अँजिओग्राफी, म्हणजे रक्तवाहिन्या दाखवणारा स्कॅन, झालेली असताना हा नऊ दिसला, तर समजावं की कुणीतरी लिहिण्यात आळस केला आहे. त्या चित्रात बाजू न कळण्यासारखं काही नसतं.

शेवटच्या अक्षराबद्दल गैरसमज फार. ‘ए’ म्हणजे पहिली भेट असं अनेकांना वाटतं. प्रत्यक्षात सक्रिय उपचार चालू आहेत तोवर ‘ए’च. रुग्णाला दुसऱ्या रुग्णालयात हलवलं आणि तिथे शस्त्रक्रिया झाली, तरी ‘ए’ बदलत नाही. भरून येण्याच्या काळात ‘डी’ आणि मागे राहिलेल्या परिणामांसाठी ‘एस’. इजेनंतर पक्षाघात होऊन एका अंगाची शक्ती गेली असेल, तर काही महिन्यांनी आधी त्या अशक्तपणाचा कोड लिहायचा आणि त्यामागे ‘एस’ लावलेला इजेचा.

इथपर्यंत सगळं नीटनेटकं आहे. घोळ पाचव्या जागेत आहे.

मेंदूचं वजन शरीराच्या जेमतेम २ टक्के, पण विश्रांतीत हृदयातून निघणाऱ्या रक्तातला १५ ते २० टक्के वाटा तो घेतो आणि ते रक्त मानेतल्या चार धमन्यांतून येतं: दोन कॅरोटिड, दोन व्हर्टिब्रल. व्हर्टिब्रल धमन्या तर मानेच्या मणक्यांच्या बाजूच्या भोकांतून वर चढतात, त्यामुळे मणका मोडला की त्यांनाही धोका. चाकू लागला तर रक्त दिसतं, शंका राहत नाही. गाडीच्या धडकेत मान झटक्याने मागे जाऊन पिळली, की बाहेर काहीच दिसत नाही, पण आत धमनीचं नाजूक अस्तर ताणलं जाऊन फाटतं. फाटीतून रक्त भिंतीच्या थरांमध्ये शिरतं, वाट अरुंद होते, खडबडीत जागी गुठळी धरते. ती सुटून मेंदूत गेली की पक्षाघात. हे घडायला काही तास लागतात, कधी काही दिवस. या मधल्या वेळात रुग्ण ठणठणीत बोलत असतो, आणि गुठळी होऊ न देणारी औषधं द्यायची वेळ नेमकी हीच.

डॉक्टरांसाठी महत्त्वाचा प्रश्न म्हणजे ही फाट किती गंभीर. १९९९ साली डेन्व्हरच्या शल्यचिकित्सकांनी त्यासाठी पाच श्रेणींची मोजपट्टी मांडली. वाट २५ टक्क्यांहून कमी अरुंद झाली तर पहिली श्रेणी. त्याहून जास्त अरुंद झाली, आत गुठळी दिसली किंवा अस्तराचा पापुद्रा उचलला गेला तर दुसरी. भिंतीला फुगा आला तर तिसरी. धमनी पूर्ण बंद झाली तर चौथी. तुटून रक्त बाहेर वाहू लागलं तर पाचवी.

आयसीडीच्या पाचव्या जागेत मात्र पर्याय चारच: अनिर्दिष्ट, छोटी चीर, मोठी चीर, इतर. ही रचना चाकूच्या जखमेला शोभते. अस्तर फाटणं, फुगा येणं, धमनी बंद होणं हे सगळं ‘इतर’ मध्ये, एस१५.०९ खाली एकत्र जातं. म्हणजे पहिली आणि चौथी श्रेणी आकडेवारीत एकसारखी दिसते. शिवाय चेहऱ्याला रक्त देणारी बाह्य कॅरोटिड आणि मेंदूला देणारी आंतर कॅरोटिड यांनाही मानेपुरता एकच कोड आहे. कवटीच्या आत शिरल्यावर मात्र आंतर कॅरोटिड एस०६ मध्ये, म्हणजे डोक्याच्या इजांत जाते. धमनी एकच, गट दोन!

आणखी एक फाटा आहे. अस्तर इजेविनाही फाटतं. तेव्हा कोड येतो आय७७.७१, म्हणजे रोगांच्या प्रकरणातला. सीटीवर दोन्ही चित्रं हुबेहूब सारखी असू शकतात, फरक इतिहासाचा. डॉक्टरने नुसतंच ‘कॅरोटिड डिसेक्शन’ (कॅरोटिडचं अस्तर फाटणं) लिहून ठेवलं, तर रुग्ण अपघातातून आला म्हणून कोडर, म्हणजे कागदपत्रं वाचून कोड लावणारा, स्वतःच्या मनाने ‘इजेमुळे’ हा शब्द घालू शकत नाही. त्याला विचारणा पाठवावी लागते. ती राहून गेली, की अपघाताचा रुग्ण रक्तवाहिन्यांच्या आजारांत मोजला जातो.

माझं मत विचाराल तर यात कोडरचा दोष कमी. या वर्गीकरणाचा उगम फ्रेंच संख्याशास्त्रज्ञ जाक बर्तियाँ यांच्या १८९३ च्या यादीत आहे आणि ती मृत्यूची कारणं मोजण्यासाठी होती. आजारांची नोंद तिच्यात आली ती १९४८ च्या सहाव्या आवृत्तीत. उपचार ठरवणं हे तिचं काम कधीच नव्हतं, म्हणून ट्रॉमा केंद्रं, म्हणजे गंभीर जखमींवर उपचार करणारी रुग्णालयं, इजेची तीव्रता एआयएससारख्या (इजांना तीव्रतेचे अंक देणाऱ्या) वेगळ्या मोजपट्टीवर नोंदवतात. पण संशोधक मोठ्या प्रमाणावर माहिती काढतात ती बहुतेकदा बिलांसोबतच्या आयसीडी कोडांमधूनच, आणि तिथे श्रेणी नसते.

१ जानेवारी २०२२ पासून लागू झालेल्या आयसीडी-११ मध्ये मूळ कोडला विस्तार-कोड जोडून साखळी करता येते. बाजू किंवा इतर तपशील असे मागाहून लावता येतात. साखळी किती लांब होईल हे अर्थात केस पेपरवर डॉक्टरने काय लिहिलं आहे त्यावर ठरतं.