चांद्रयानाचं इंजिन रशियाचं नव्हतं

बेळगावात खानापूर रोडवरच्या चहाच्या गाड्यावर परवा पुन्हा तेच ऐकलं: "क्रायोजेनिक इंजिन रशियाचंच, आपण फक्त रंग देतो." ऐकून जीव तुटतो.

क्रायोजेनिक म्हणजे अतिथंड द्रव इंधनावर चालणारं इंजिन. एके काळी या बोलण्यात तथ्य होतं. जीएसएलव्ही या भारतीय रॉकेटाच्या सुरुवातीच्या उड्डाणांत क्रायोजेनिक इंजिनाचे टप्पे रशियनच होते; ५ जानेवारी २०१४ ला यशस्वी ठरलेलं भारतीय इंजिनही त्याच धाटणीचं. पण चांद्रयान-३ नेणाऱ्या रॉकेटातलं सीई-२० हे क्रायोजेनिक इंजिन वेगळं. रशियन रचनेत इंधनपंपाचं टर्बाइन फिरवून आलेला वायू पुन्हा मुख्य ज्वलनकक्षात जातो. सीई-२० मध्ये तो वेगळ्या नळीतून बाहेर पडतो. उणे २५३ अंशांचा द्रव हायड्रोजन जाळणारं हे इंजिन आपल्या माणसांनी तमिळनाडूतल्या महेंद्रगिरीला पुन्हापुन्हा पेटवून पारखलं. ५ जून २०१७ ला ते पहिल्यांदा उडालं आणि त्याच फेरीत यशस्वी झालं.