टपाल खात्याने बडतर्फ केले? कोर्टात काय तपासतात, ते आधी समजून घ्या

(ग्रामीण डाकसेवक आणि टपाल कर्मचाऱ्यांसाठी आमच्या वकिली कार्यालयाचे माहितीपत्रक)

बडतर्फीचा आदेश हातात पडला की माणूस म्हणतो, आता न्यायाधीशांसमोर सगळे पहिल्यापासून सांगतो. तशी संधी तिथे मिळत नाही. तुम्ही खातेदारांचे पैसे वापरले की नाही, याचा निवाडा केंद्रीय प्रशासकीय न्यायाधिकरण (केंद्र सरकारी कर्मचाऱ्यांच्या नोकरीचे वाद ऐकणारे न्यायपीठ) नव्याने करत नाही. १९९५ च्या बी. सी. चतुर्वेदी प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने ही मर्यादा घालून दिली आहे. चौकशी नियमाप्रमाणे झाली का, बाजू मांडू दिली का, निष्कर्षाला पुराव्याचा आधार आहे का आणि शिक्षा मनाला धक्का बसावा इतकी जबर आहे का, एवढेच पाहिले जाते. म्हणून तुमची खरी लढाई खात्याच्या चौकशीतच असते. दोषारोपपत्र आले की त्याच आठवड्यात आमच्याकडे या.

ब्रँच पोस्टातला नेहमीचा आरोप असा: आरडीचा हप्ता पासबुकात चढला, शिक्काही बसला, पण त्या दिवशीच्या हिशेबात रक्कम नाही. इन्स्पेक्टर येतात, खातेदारांचे जबाब घेतात, तुमच्याकडूनही लिहून घेतात. 'पैसे भरा, मिटून जाईल' असे सांगणारा कोणीतरी भेटतोच. पैसे जरूर भरा, लोकांच्या कष्टाचे आहेत ते. पण प्रकरण त्याने मिटत नाही. साडेसोळा लाखांवरचा अपहार केलेल्या एका पोस्टल असिस्टंटने रक्कम परत केली होती, सेवाही दीर्घ होती, म्हणून न्यायाधिकरणाने शिक्षा सौम्य केली. सर्वोच्च न्यायालयाने २०२२ मध्ये तो आदेश रद्द करून नोकरीतून काढण्याची मूळ शिक्षा कायम केली.

चौकशीतले साक्षीदार बहुतेक तुमच्याच वाडीतले असतात. ज्या काकी पडवीत बसून तुमच्याकडून पासबुक वाचून घेत, त्याच आता साक्षीला. शरमेने किंवा रागाने काही जण चौकशीला जायचेच थांबतात. आम्ही कळकळीने सांगतो, असे करू नका. तुमच्या गैरहजेरीत चौकशी एकतर्फी पुढे जाते आणि उलटतपासणीची संधी जाते. काकींनी हप्ता कोणाच्या हाती दिला, कोणत्या दिवशी, जबाब त्यांना वाचून दाखवला होता का, हे तिथेच विचारायचे असते. त्यांना बोलावलेच नाही आणि नुसत्या जबाबावर दोष ठरवला, तर तो मुद्दा पुढे फार कामाचा. कागद फाइलला लावला म्हणजे त्यातला मजकूर सिद्ध झाला असे होत नाही, हे सर्वोच्च न्यायालयाने रूपसिंग नेगी प्रकरणात सांगितलेले आहे. पावसात नेटवर्क गेल्याने नोंद मागे पडली असेल, तर तेही चौकशीतच मांडा आणि त्या दिवसांचे रेकॉर्ड लेखी मागा. मागूनही दिले नाही, तर तो नकार जपून ठेवा.

चौकशी अहवालाची प्रत शिक्षेपूर्वी मिळायलाच हवी, असा सर्वोच्च न्यायालयाचा १९९३ चा करुणाकर निकाल आहे. मात्र प्रत न मिळाल्याने तुमचे नुकसान काय झाले, तेही दाखवावे लागते.

आता मुदती. नियमित कर्मचाऱ्यांना खात्यातल्या अपिलासाठी ४५ दिवस आहेत. डाकसेवकांचे नियम वेगळे, तरी त्यांनीही ४५ दिवसांच्या आत अपील करून टाकावे. अपिलाचा निकाल लागला की एक वर्षात केंद्रीय प्रशासकीय न्यायाधिकरणाच्या मुंबई खंडपीठाकडे अर्ज करायचा. अपिलावर सहा महिने काहीच उत्तर नसेल, तर तिथून पुढे एक वर्ष मोजायचे. डाकसेवकांनाही हा दरवाजा खुला आहे, कारण ते नागरी पदावर आहेत हे सर्वोच्च न्यायालयाने १९७७ मध्येच मान्य केले. न्यायाधिकरणाच्या आदेशाविरुद्ध उच्च न्यायालयात जाता येते. रत्नागिरी आणि सिंधुदुर्ग हे जिल्हे १८ ऑगस्ट २०२५ पासून उच्च न्यायालयाच्या कोल्हापूरच्या सर्किट बेंचला (फिरत्या खंडपीठाला) जोडले आहेत.

जिंकलात तरी बऱ्याचदा आदेश येतो तो चौकशी चुकलेल्या टप्प्यापासून पुन्हा करण्याचा. मागचा सगळा पगार मिळेलच, असे आश्वासन आम्ही कोणालाही देत नाही.

भेटीला येताना दोषारोपपत्र, तुमचे उत्तर, चौकशीचे रोजचे कामकाजपत्र, अहवाल, शिक्षेचा आदेश आणि तो ज्या पाकिटातून आला ते पाकीटही आणा. मुदत मोजताना त्यावरच्या तारखेच्या शिक्क्याचा उपयोग होतो.