फाउंड फुटेज चित्रपट

दुसऱ्या कोणी, दुसऱ्याच हेतूने चित्रित केलेल्या आणि पुढे अडगळीत पडलेल्या फितींचे तुकडे नव्याने जुळवून केलेला प्रायोगिक चित्रपट. सापडलेल्या चित्रणाचा बहाणा करणाऱ्या भयपटांनाही हेच नाव रूढ आहे; त्यांचा येथे विचार केलेला नाही.

उगमाविषयी मतभेद आहेत. बरेच अभ्यासक सोव्हिएट संकलक एस्फिर शुब यांच्यापासून प्रारंभ मानतात. त्यांनी १९२७ मध्ये जुने वृत्तपट आणि झारच्या घरगुती चित्रफिती एकत्र आणून रोमानोव्ह राजवटीच्या अस्ताचा पट उभा केला. मात्र तेथे फीत येते ती पुरावा म्हणून. अमेरिकन कलावंत जोसेफ कॉर्नेल यांनी १९३६ मध्ये दाखवलेल्या लघुपटाची रीत निराळी. १९३१ च्या एका हॉलिवूडपटाच्या प्रतीतून त्यांनी मुख्यतः नायिका रोझ होबार्ट हिचीच दृश्ये राखली, कथानक जवळजवळ काढून टाकले आणि उरलेले मूकपटाच्या संथ गतीने, निळ्या काचेतून पडद्यावर पाडले. आठवणीतही प्रसंगांचा क्रम गळून चेहरा तेवढा राहतो. त्यामुळे स्मृतीशी निगडित प्रवाहापुरता तरी कॉर्नेल यांना अग्रमान देणे अधिक सयुक्तिक दिसते. पुढे अमेरिकन चित्रपटकार ब्रूस कॉनर (१९५८) आणि कुजलेल्या नायट्रेट फितींचे (चित्रपटाच्या आरंभीच्या काळातील फितींचे) डागच दृश्य म्हणून वापरणारे बिल मॉरिसन (२००२) यांनी या प्रकाराला निरनिराळी वळणे दिली.

फितीची झीज हा येथे दोष नसून आशयाचा भाग असतो. साधारणतः १९५० नंतर प्रचारात राहिलेली अ‍ॅसिटेट फीत उष्णतेने व दमटपणाने विघटित होते, आक्रसते आणि तिला शिरक्यासारखा आंबूस वास येतो. रंगीत प्रतींतील इतर रंग आधी उडून चित्र लालसर होते. खानदेशात जळगाव-भुसावळकडे मे महिन्यात पारा ४५ अंशांपर्यंत चढतो. तेथे पत्र्याच्या छपराखालचे रीळ फार काळ धड राहत नाही.

खानदेशात या प्रकाराची कच्ची सामग्री, म्हणजे टाकून दिलेली फीत, पोहोचली ती मुख्यतः जत्रांतील तंबूच्या टॉकीजमधून. तुटलेली फीत जोडताना कापलेले तुकडे पोरांच्या हाती लागत. उडालेल्या बल्बमध्ये पाणी भरून, आरशाने त्यावर ऊन पाडून ती नायकाचे चित्र अंधाऱ्या खोलीच्या भिंतीवर उलटे-सुलटे उमटवीत. हा खेळ महाराष्ट्रात इतरत्रही होता. त्याला या कलेचा पूर्वज म्हणणे धाडसाचे होईल, परंतु फितीची हाताळणी तीच. घरगुती आठ मिलिमीटर चित्रण मोजक्या सधन कुटुंबांपुरते राहिले. १९८० नंतर लग्नाच्या व्हीएचएस कॅसेटी मात्र गावोगाव झाल्या, आणि यापुढे सापडेल ते प्रायः हेच साहित्य. लगतच्या मालेगावात व्हिडिओवर झालेली लोकप्रिय चित्रपटांची विडंबने या सदरात मोडत नाहीत, कारण तेथे मूळ कथा नव्याने चित्रित केली जाते, जुनी फीत वापरली जात नाही.